कुस्कोहून एका दिवसात सेक्रेड व्हॅली: पिसाकचे अवशेष, रविवारचा बाजार आणि ओयान्तायताम्बो

प्रश्न थोडक्यात असा आहे. चौघांचं कुटुंब, त्यात पासष्टीच्या पुढचे आई-वडील, सगळे शाकाहारी. शनिवारी दुपारी पेरूची राजधानी लिमाहून विमानाने कुस्कोत उतरणार. सोमवारी सकाळी ओयान्तायताम्बोहून माचू पिचूची ट्रेन. मधला रविवार मोकळा आहे, त्या दिवशी गाइड घेऊन इंकांचे अवशेष आणि गावचे बाजार बघायचे आहेत. टूरवाले चिंचेरो, मोराय, मारास, ओयान्तायताम्बो आणि पिसाक अशी पाच ठिकाणं एका दिवसात देतात. घ्यावी का?

घेऊ नका. पाचातली दोनच ठिकाणं घ्या, पिसाक आणि ओयान्तायताम्बो, आणि रात्री कुस्कोला परत न येता ओयान्तायताम्बोलाच मुक्काम करा. याची कारणं तीन आहेत: उंची, वेळ आणि बाजाराचा वार.

आधी उंची. कुस्को समुद्रसपाटीपासून सुमारे ३,४०० मीटरवर आहे. तिथे प्रत्येक श्वासात मिळणारा ऑक्सिजन मुंबईच्या मानाने साधारण दोन तृतीयांशच असतो. उरुबाम्बा नदीचं खोरं, म्हणजेच सेक्रेड व्हॅली, त्यापेक्षा खाली आहे. पिसाक गाव सुमारे २,९७० मीटरवर, उरुबाम्बा २,८७० आणि ओयान्तायताम्बो २,८०० च्या आसपास. चिंचेरो मात्र ३,७६० मीटरवर, म्हणजे कुस्कोच्याही वर. पाच ठिकाणांच्या बहुतेक टूर सकाळी पहिल्यांदा चिंचेरोलाच जातात, कारण ते कुस्कोहून खोऱ्यात उतरायच्या एका रस्त्यावर आहे. आदल्या दुपारी समुद्रकिनाऱ्यावरच्या लिमाहून आलेल्या माणसाला दुसऱ्या सकाळी आणखी वर नेणं चुकीचं आहे. उंचीचा त्रास, ज्याला तिथे सोरोचे म्हणतात, उतरल्याबरोबर सुरू होत नाही. सहा ते बारा तासांनी डोकं दुखायला लागतं, मळमळतं, झोप लागत नाही, आणि टूरची बस दारात येते तेव्हाच तो सर्वात जास्त जाणवत असतो.

म्हणून शनिवारी कुस्कोत राहूच नका. विमानतळावरून थेट गाडी करून पिसाकला उतरा. अंतर ३५ किलोमीटरच्या आत आहे, रस्ता डोंगरातून वळणावळणाने जातो, साधारण तासभर लागतो. झोपण्याची उंची चारशे मीटरने कमी झाली की ज्येष्ठांना सकाळी फरक स्पष्ट कळतो. शिवाय रविवारची सकाळ पिसाकमध्येच उजाडते, त्याचा फायदा पुढे येईलच. कुस्कोचं हॉटेल आधीच बुक झालं असेल आणि रद्द होत नसेल, तर रविवारी सव्वासहाला निघायची तयारी ठेवा.

डायमॉक्स, म्हणजे ॲसिटाझोलामाइड, घ्यायचं असेल तर भारतातून निघण्यापूर्वी डॉक्टरांना विचारून घ्या. प्रतिबंधासाठी प्रौढांना सहसा १२५ मिलीग्रॅम दिवसातून दोनदा, वर चढण्याच्या आदल्या दिवसापासून देतात. सल्फाची ॲलर्जी असेल किंवा मूत्रपिंडाचा आजार असेल तर ते चालत नाही. रक्तदाबासाठी लघवी वाढवणाऱ्या गोळ्या सुरू असतील तर डॉक्टरांना हे मुद्दाम सांगा. गोळीमुळे वारंवार लघवीला लागतं आणि बोटांना मुंग्या येतात. अवशेषांच्या आत स्वच्छतागृह नसतं, ते फाटकापाशी असतं, म्हणून आत शिरण्यापूर्वी जाऊन या आणि एक सोलची (सोल म्हणजे पेरूचं चलन) नाणी खिशात ठेवा. शनिवारी रात्री हलकं जेवा, पाणी पीत राहा, मद्य नको. बसल्या जागी धाप लागली, चालताना तोल जायला लागला किंवा बोलणं असंबद्ध झालं, तर ती साधी डोकेदुखी नाही. ताबडतोब ऑक्सिजन आणि डॉक्टर, आणि आणखी खाली उतरणं. बहुतेक हॉटेलांत ऑक्सिजनचा सिलिंडर असतो. खोली घेतानाच तो कुठे आहे ते विचारून ठेवा.

आता तिकीट. या अवशेषांना वेगवेगळी तिकिटं मिळत नाहीत, एकत्रित तिकीट घ्यावं लागतं. त्याचं नाव बोलेतो तुरिस्तिको. पूर्ण तिकीट परदेशी पाहुण्यांना १३० सोल, १६ ठिकाणं, १० दिवस. अर्धं तिकीट ७० सोल. त्यातल्या खोऱ्याच्या गटात पिसाक, ओयान्तायताम्बो, चिंचेरो आणि मोराय येतात आणि ते सलग दोन दिवस चालतं. हे दर बरीच वर्षं टिकून आहेत, तरी निघण्यापूर्वी एकदा ताजे बघून घ्या. प्रत्येक ठिकाणी प्रवेश एकदाच मिळतो. फाटकावर तिकिटाला भोक पाडतात, त्यामुळे जेवायला बाहेर पडून पुन्हा आत जाता येत नाही. तिकिटावर नाव असतं, म्हणून पासपोर्ट जवळ हवा. पैसे रोख द्यावे लागतील असं धरूनच चला. मारासच्या मिठागरांचा आणि माचू पिचूचा या तिकिटाशी संबंध नाही, त्यांचे पैसे वेगळे.

तुमच्या बाबतीत कोणतं घ्यावं? फक्त रविवारची दोन ठिकाणं बघायची असतील तर ७० चं पुरतं. पण मंगळवारी कुस्कोला परतताना वाटेत चिंचेरो बघायचं असेल तर तो तिसरा दिवस होतो आणि अर्धं तिकीट बाद झालेलं असतं. त्यात कुस्कोजवळचे साक्सायवामानचे इंका अवशेष बघायचे असतील तर तो वेगळा गट, म्हणजे आणखी ७०. दोन अर्धी मिळून १४० होतात, पूर्ण १३०. तेव्हा चिंचेरो किंवा साक्सायवामान मनात असेल तर पूर्ण तिकीटच घ्या. टूरच्या जाहिरातीतला दर जवळजवळ नेहमीच तिकिटाशिवायचा असतो. चौघांचे मिळून २८० किंवा ५२० सोल वर लागतात, आणि ते फाटकावर कळलं की चिडचिड होते.

पिसाकचे अवशेष गावात नाहीत, गावाच्या डोक्यावरच्या डोंगरावर आहेत. गावातून वर जाणारी पायवाट उभी चढणीची आहे, ज्येष्ठांनी ती चढू नये. गाडीरस्ता आठ-नऊ किलोमीटरचा वळसा घेऊन वरच्या फाटकापाशी जातो. टॅक्सी गावच्या पुलाजवळ मिळतात. वर सोडून थांबायचं की एकेरी जायचं, भाडं दोन्हींचं आधी ठरवा. फाटक सकाळी सातला उघडतं. कुस्कोहून निघालेल्या मोठ्या बस नऊच्या सुमारास यायला लागतात आणि त्यानंतर अरुंद वाटेवर माणसांची रांग लागते. साडेसातला आत असाल तर दीड तास डोंगर जवळजवळ तुमचाच. पिसाकमध्ये झोपण्याचा खरा फायदा हा.

आत गेल्यावर सर्वांत आधी नजर जाते ती पायऱ्यापायऱ्यांच्या शेतांवर. डोंगराची वळणं धरून एकाखाली एक उतरत गेलेले हे दगडी बांध नीट जवळून बघा. भिंत सरळ उभी नसते, ती डोंगराकडे किंचित झुकलेली असते, म्हणजे मातीचा दाब ती पेलू शकते. आत तळाशी मोठे दगड, त्यावर खडी, त्यावर वाळू आणि सर्वांत वर खालच्या खोऱ्यातून आणलेली काळी माती. पाऊस झिरपून खाली जातो, भिंत फुगत नाही. दिवसभर तापलेला दगड रात्री ऊब सोडतो, त्यामुळे पिकाला हिमाचा फटका कमी बसतो. भिंतीतून एकेक लांब दगड बाहेर काढून तिरकस पायऱ्या केलेल्या दिसतील. एका बांधावरून दुसऱ्यावर जायला वेगळा जिना बांधून जमीन वाया घालवलेली नाही. गाइडला इथे थांबवा आणि पाण्याचा पाट कुठून येतो ते दाखवायला सांगा. वरच्या वस्तीजवळ दगडी हौद आणि त्यात पडणारी पाण्याची धार अजून वाहते.

दरीच्या पलीकडच्या कड्यात शेकडो भोकं दिसतात. ती इंकांच्या थडग्यांची जागा. मृतांना बसलेल्या स्थितीत, सोबत वस्तू ठेवून पुरत. त्या वस्तूंसाठी ही थडगी फार पूर्वीच फोडली गेली. तिकडे जाता येत नाही, दुर्बीण असेल तर न्या.

यापुढे वाट फुटते. इंतिवाताना नावाचा देवळांचा भाग, जिथे पिसाकमधलं सर्वांत बारीक दगडकाम आहे, तो वरच्या फाटकापासून बराच आत आहे. वाट कड्याच्या कडेने जाते, मध्ये एक छोटा बोगदा लागतो, काही पायऱ्या उंच आहेत आणि एका बाजूला कठडा नाही. जाऊन यायला थांबत-थांबत दीड तास धरा. गुडघे दुखत असतील किंवा उंचीवर चक्कर येत असेल तर आई-वडिलांनी वरच्या वस्तीपर्यंतच जावं, तिथून शेतं, कडा आणि खालचं खोरं सगळं दिसतं. अशा वेळी गाइडने दोन गट करावेत का? एकच गाइड असेल तर करू नयेत. आधी सगळ्यांना सपाट भाग दाखवावा, ज्येष्ठांना गाडीजवळ बसवावं आणि मग बाकीच्यांना पुढे न्यावं. हे त्याला सकाळीच सांगा. चालून थेट गावात उतरायची वाटही आहे, दीड ते दोन तासांची, सुंदर, पण गुडघ्यांचा कस काढणारी. ती फक्त तरुणांनी घ्यावी, आणि तीही बाजाराचा वेळ कमी होणार हे समजून.

मोठ्या टूरला पिसाकमध्ये अवशेषांसाठी साधारण तासभर मिळतो. त्यात इंतिवाताना होत नाही, फाटकाजवळचाच भाग होतो, आणि पुष्कळ लोक पिसाक बघितलं असं समजून परततात. पाच ठिकाणांच्या दिवसात सर्वांत जास्त नुकसान इथे होतं.

दहाच्या सुमारास खाली बाजारात या. पिसाकचा हस्तकलेचा बाजार आता रोजच भरतो, पण मंगळवार, गुरुवार आणि विशेषतः रविवार मोठा. रविवारी वरच्या डोंगरातल्या केचुआ भाषिक वस्त्यांमधून लोक भाजी, बटाटे, मका, औषधी पाला घेऊन उतरतात. तुम्हाला रविवार मिळाला आहे, तेव्हा आधी टोप्या-शालींच्या गल्लीत शिरू नका, भाजीच्या बाजूला जा. जमिनीवर कापड पसरून बायका बसलेल्या असतात आणि समोर ढीग: जांभळे, काळपट, पिवळे, गाठीगाठीचे बटाटे, ओका, ओयुको असे आपल्याकडे न दिसणारे कंद, आणि चुन्यो. चुन्यो म्हणजे रात्रीच्या हिमात गोठवून, दिवसा उन्हात पायाने तुडवून पाणी काढलेला आणि वाळवलेला बटाटा, जो वर्षानुवर्षं टिकतो. बटाटा मुळात याच डोंगररांगेतला, इथूनच तो जगभर गेला. आपल्या उपासाच्या ताटात तो आहे तसाच इथला आणखी एक सगासोयरा तुम्हाला भेटेल: किविचा, म्हणजे राजगिऱ्याच्याच कुळातलं धान्य. त्याच्या लाह्या करून गोड वड्या विकतात. आई-वडिलांना त्या ओळखीच्या वाटतील आणि वाटेत खायला उत्तम आहेत.

स्थानिक गिऱ्हाईक भाजी घेतल्यावर वर थोडं जास्त मागतं, त्याला यापा म्हणतात, आणि विकणारी बाई मूठभर घालतेही. वस्तू घेतली असेल तर हसून मागा. न घेता नुसतं ढिगाचे फोटो काढत फिरणं तिथे आवडत नाही. फोटोआधी विचारा. कोकरू किंवा लामा नावाचा लोकरीचा प्राणी घेऊन, रंगीत पोशाखात उभ्या असलेल्या बायका-मुली फोटोसाठीच उभ्या असतात. पैसे द्यावे लागतात, दोन ते पाच सोल, आणि ते आधी ठरवा. सुट्टे जवळ हवेत, कारण बाजारात १०० किंवा २०० ची नोट कुणी मोडून देत नाही. १० आणि २० च्या नोटा कुस्को विमानतळावरच मागून घ्या. डॉलर वापरणार असाल तर कोरे आणि न फाटलेले ठेवा. कोपरा किंचित फाटलेली डॉलरची नोटही परत करतात.

आता शाली आणि स्वेटर. अल्पाका हा लामाच्याच कुळातला लोकरीचा प्राणी. पाटी सगळीकडे बेबी अल्पाकाची, माल बहुतेक ठिकाणी ॲक्रिलिकचा किंवा मिश्र. बेबी अल्पाका म्हणजे पिल्लाची लोकर नव्हे, तो धाग्याच्या बारीकपणाचा दर्जा आहे. पन्नास सोलात मिळणारा स्वेटर अल्पाकाचा नसतो. तो घेऊ नका असं नाही, थंडीला तो चालतो, पण अल्पाकाचा म्हणून पैसे देऊ नका. खरा अल्पाका हाताला गार लागतो, त्याला वजन असतं, तो अंगावर पडतो, फुगून राहत नाही. झालरीतला एक धागा जाळायची परवानगी मिळाली तर खात्री होते: लोकर जळलेल्या केसासारखी वास मारते आणि राख चुरडते, ॲक्रिलिक वितळून कडक गोळी होते. विकुन्याच्या, म्हणजे त्याच कुळातल्या जंगली प्राण्याच्या लोकरीच्या, नावाखाली बाजारात काही देत असतील तर घेऊच नका. खऱ्या विकुन्याची किंमत प्रचंड असते आणि त्याला सरकारी प्रमाणपत्र लागतं.

हातमागाचं कापड ओळखायला दोन खुणा पुरतात. एक, कापडाच्या चारही कडा विणूनच संपलेल्या असतात, कुठे कापलेलं किंवा शिवलेलं टोक नसतं, कारण इथे कापड मागावर हवं तेवढंच विणतात. दोन, उलट बाजूला तीच नक्षी रंग बदलून दिसते, जिथे इकडे लाल तिथे तिकडे पांढरा. मागे लोंबणारे धागे असतील तर ते बहुतेक यंत्राचं. पैठणीची उलट बाजू तपासून घेणाऱ्या माणसाला हे शिकवायला लागणार नाही. विणकर स्वतः समोर बसून विणत असेल तर घासाघीस करू नका. दोन पट्ट्यांची शाल म्हणजे काही आठवड्यांचं काम असतं. दुकानदाराकडे मात्र दहा-वीस टक्के उतरतात, दोन-तीन वस्तू एकत्र घेतल्या तर आणखी थोडे.

चांदीचा प्रश्नही इथेच येतो. पिसाकमध्ये बहुतेक टूर एका दागिन्यांच्या कारखान्यात अर्धा तास थांबतात. पेरूची चांदी ९५० शुद्धतेची असते, म्हणून दागिन्यावर ९५० चा ठसा बघा. ठसा नसेल तर तो अल्पाका नावाचा पांढरा मिश्रधातू असू शकतो, ज्यात चांदी नसते. नाव लोकरीसारखंच असल्याने फसायला होतं. खरेदी करायची नसेल तर हा थांबा वगळायला गाइडला आदल्या दिवशी सांगा. तो अर्धा तास अवशेषांना मिळतो.

जेवण. मोठ्या टूर उरुबाम्बात बुफेला नेतात. त्यात दीड तास जातो, शाकाहारी माणसाला भात, कोशिंबीर, बटाटे एवढंच हाती लागतं, आणि उंचीवर पोटभर खाल्लं की पुढचे दोन तास जड जातात. पिसाकमध्येच साडेअकराला खाऊन घ्या. चोक्लो कोन केसो, म्हणजे टपोऱ्या दाण्यांचा उकडलेला मका आणि ताजं चीज, हे खोऱ्यातलं सर्वांत भरवशाचं शाकाहारी खाणं. मका इथलाच, पांढरा, एकेक दाणा अंगठ्याच्या नखाएवढा. बाजारातल्या मातीच्या भट्ट्यांत एम्पानादा, म्हणजे सारण भरलेल्या करंज्या, भाजतात, चीज-कांद्याची मागा. पीठ मळताना डुकराची चरबी वापरलेली असू शकते, तेव्हा विचारा: सिन मांतेका? त्याच भट्टीजवळ गिनीपिग भाजलेले दिसतील, ते तिथलं सणाचं जेवण आहे, आई-वडिलांना आधी कल्पना द्या. किन्वाचं सूप शाकाहारी समजून मागवू नका, पाणी बहुतेकदा कोंबडीचं किंवा बैलाच्या हाडांचं असतं. सिन कार्ने म्हटलं तर पुष्कळ ठिकाणी फक्त लाल मांस नको असा अर्थ घेतात आणि कोंबडी येते. पूर्ण वाक्य कागदावर लिहून ठेवा: सिन कार्ने, सिन पोयो, सिन पेस्कादो, सिन काल्दो दे कार्ने. मांस नको, कोंबडी नको, मासा नको, मांसाचं पाणी नको. अंडं चालत नसेल तर सिन उएवो जोडा.

पावणेएकला पिसाक सोडा. नदीच्या काठाने काल्का, उरुबाम्बा करत ओयान्तायताम्बोला सुमारे दीड तास लागतो. रविवारी गावांतून गर्दी असते, दोन तास धरा. सामान सगळं गाडीतच आहे ना हे निघताना तपासा, कारण कुस्कोला परत जायचं नाही. मोठ्या टूरनेच जायचं ठरवलं तर त्यांना आधी सांगून ओयान्तायताम्बोत उतरता येतं, पण बॅग दिवसभर बसमध्ये राहील का, हे लेखी विचारा. माचू पिचूच्या ट्रेनमध्ये मोठी बॅग नेता येत नाही, लहान हातपिशवीच चालते. मोठ्या बॅगा ओयान्तायताम्बोच्या हॉटेलात ठेवायच्या. बहुतेक हॉटेलं त्या सांभाळतात.

ओयान्तायताम्बोच्या फाटकातून आत शिरलं की समोर सतरा मोठे बांध आणि मधून वर जाणाऱ्या दोनशेहून जास्त पायऱ्या. एकदम चढू नका. वीस-पंचवीस पायऱ्यांनंतर बाजूला होऊन थांबायचं, श्वास नाकाने घ्यायचा, बोलायचं नाही. दुपारी खोऱ्यातून जोराचा वारा सुटतो. वरच्या कडेला टोपी आणि फोन दोन्ही सांभाळा, छत्री तर उघडूच नका. ज्येष्ठांना चढायचं नसेल तर खालच्या सपाटीवर कोरीव दगडी झरे आणि स्नानाची जागा आहे, एक तास तिथे छान जातो.

वर पोचल्यावर सहा प्रचंड दगड उभे आहेत, गुलाबी छटेच्या रायोलाइटचे, प्रत्येक कित्येक टनांचा, आणि दोन दगडांच्या मधे बारीक पट्टीसारखा दगड बसवलेला. हे अपुरं राहिलेलं देऊळ आहे. दगडांची खाण नदीच्या पलीकडे, समोरच्या डोंगरावर काचिकाता नावाच्या जागी आहे, चारेक किलोमीटरवर. म्हणजे दगड तिथून खाली आणायचे, नदी ओलांडायची आणि पुन्हा वर चढवायचे. वाटेत सोडून दिलेले दगड अजून पडलेले आहेत, त्यांना स्थानिक लोक थकलेले दगड म्हणतात. उतरण पांढऱ्या पट्ट्यासारखी खालून दिसते, ती गाइडकडून दाखवून घ्या. काही दगडांवर टी आकाराच्या खाचा आहेत. दोन दगडांच्या खाचा एकमेकींसमोर आल्या की त्यात धातूचा सांधा बसत असे. सहा दगडांपैकी एकावर पायऱ्यांसारखी तीन टप्प्यांची कोरीव नक्षी पुसट राहिली आहे. दुपारचं तिरपं ऊन पडलं की ती नीट दिसते, आणि दुपारी उशिरा इथे येण्याचं हेही एक कारण.

काम अर्धं का राहिलं याचा धागा इतिहासात आहे. इंका सम्राट पाचाकुतीने पंधराव्या शतकात हे बांधायला घेतलं. १५३६ मध्ये इंका राजा मान्को इंकाने स्पॅनिशांविरुद्ध बंड केलं, कुस्कोला वेढा घातला आणि पुढे याच जागेवर तळ ठोकला. स्पॅनिश सेनानी एर्नांदो पिसारोचं घोडदळ इथे चाल करून आलं तेव्हा वरून दगड-बाणांचा मारा झाला आणि खालच्या मैदानात कालव्यांचं पाणी सोडलं गेलं. घोडे चिखलात अडकले आणि स्पॅनिशांना माघार घ्यावी लागली. गाइडने हे सांगताना तुम्ही खालच्या सपाटीकडे तोंड करून उभे असाल तर कुठून काय झालं ते आपोआप कळतं.

फाटकाबाहेरचं गाव घाईत सोडू नका. गल्ल्या, मधून वाहणारे पाट आणि घरांच्या खालच्या भिंती इंकाकाळच्या आहेत आणि त्यात आजही लोक राहतात. समोरच्या पिंकुयुना डोंगरावर कोठारं दिसतात, वाऱ्यात धान्य थंड आणि कोरडं राहावं म्हणून उंचावर बांधलेली. चढण विनामूल्य पण उभी आणि कठडा नसलेली, तीही तरुणांनीच, आणि अंधार पडण्यापूर्वी उतरून. विषुववृत्त जवळ असल्याने वर्षभर सूर्य सहाच्या आसपास मावळतो आणि संधिप्रकाश फार थोडा वेळ टिकतो.

चिंचेरो मंगळवारी परतताना घ्या, तोवर शरीर रुळलेलं असतं. तिथे इंका सम्राट तुपाक इंका युपान्कीच्या वाड्याच्या दगडी जोत्यावर वसाहतकाळातलं चर्च उभं आहे, आणि विणकरांच्या घरांत रंगकाम दाखवतात. निवडुंगावर वाढणारा कोचिनिया नावाचा किडा तळहातावर चिरडला की गडद लाल होतो, त्यात लिंबाचा थेंब पडला की केशरी आणि क्षार मिसळला की जांभळा. लोकर धुवायला साबण नाही, एका फेसाळ मुळाचा कीस वापरतात. प्रात्यक्षिकाचे पैसे नसतात, मात्र शेवटी माल मांडतात. आवडलं तर घ्या, दडपण घेऊ नका. मोराय आणि मारास या खेपेला सोडून द्या.

गाइड ठरवताना पाच गोष्टी संदेशातच लिहून घ्या: त्याच्याकडे सरकारमान्य गाइडचं ओळखपत्र आहे का, तिकीट दरात आहे की नाही, पिसाकमध्ये किती वेळ आणि इंतिवाताना आहे का, खरेदीचे थांबे किती, शेवट ओयान्तायताम्बोत होईल का. चौघं असाल तर स्वतंत्र गाडी आणि गाइडचा खर्च चार जागांच्या चांगल्या टूरपेक्षा फार जास्त पडत नाही, आणि ज्येष्ठांबरोबर तो पुरेपूर वसूल होतो. आदल्या संध्याकाळी हॉटेलात पारो, म्हणजे बंद, आहे का ते विचारा. कुस्को भागात बंद पुकारला की रस्त्यावर दगड टाकून वाहतूक अडवतात. त्याची कुणकुण असेल तर रविवारी दुपारी न थांबता आधी ओयान्तायताम्बो गाठा, म्हणजे निदान सोमवारची ट्रेन हातात राहते.

मे ते ऑक्टोबर कोरडा काळ, जून-जुलैत पहाटे कुस्कोत पारा शून्याजवळ जातो आणि दुपारी ऊन भाजतं. एकावर एक घालता-काढता येतील असे कपडे, कडेची टोपी, सनस्क्रीन, पकड असलेले बूट. जानेवारी-फेब्रुवारीत पाऊस सर्वांत जास्त, दगड निसरडे होतात आणि दरडी कोसळतात. तेव्हा ज्येष्ठांना काठी हवीच, आणि तिच्या टोकाला रबर असू दे. धातूचं टोक अवशेषांत चालत नाही.

शेवटी भारतात परतण्याशी जोडलेल्या दोन गोष्टी. कोकाची पानं आणि कोकाचा चहा पेरूत कायदेशीर आहे, हॉटेलात फुकट ठेवलेला असतो. भारतात मात्र कोका अमली पदार्थांच्या १९८५ च्या कायद्याखाली येतो. चहाची एक पुडीही बॅगेत आणू नका, कोकाच्या गोळ्या-चॉकलेटंही नको. ज्यांना कोका नको त्यांच्यासाठी मुन्या नावाच्या पुदिन्यासारख्या पाल्याचा चहा सगळीकडे मिळतो, पोटाला तो बरा. रंगीत मक्याचे दाणे, बटाटे, बी-बियाणं हेही वनस्पती-संगरोधाच्या परवान्याशिवाय भारतात आणता येत नाही. मारासचं मीठ चालतं.

दुसरी गोष्ट निघण्यापूर्वीच करायची आहे. पेरू पीतज्वराच्या (यलो फीव्हरच्या) यादीतला देश आहे, आणि तिथून सहा दिवसांच्या आत भारतात उतरणाऱ्याकडे लसीचं प्रमाणपत्र नसेल तर त्याला विलगीकरणात ठेवलं जाऊ शकतं, तुम्ही फक्त डोंगरातच फिरलात तरी. प्रमाणपत्र लस घेतल्यानंतर दहा दिवसांनी लागू होतं आणि लस सरकारमान्य केंद्रातच घ्यावी लागते. साठीनंतर ही लस पहिल्यांदा घेणाऱ्यांना गंभीर दुष्परिणामांचा धोका थोडा जास्त असतो. त्यामुळे आई-वडिलांचे सगळे कागद आणि चालू औषधांची यादी घेऊन प्रवासाच्या निदान महिनाभर आधी त्या केंद्रातल्या डॉक्टरांना भेटा. लस टाळायला सांगितली तर तसं पत्र तिथूनच घ्या. विलगीकरणाचा निर्णय तरीही विमानतळावरचे आरोग्य अधिकारी करतात, म्हणून पेरूनंतर दुसऱ्या एखाद्या, यादीत नसलेल्या देशात सहा दिवस राहून परतणं ज्यांना जमेल त्यांनी तिकिटं तशी काढावीत.